माणसं नेमलेली नाहीत, म्हणून गप्प बसायचं?

माझी मावसबहीण चार माणसांच्या दुकानात हिशेब लिहिते. मालक अंगचटीला येतो, हे तिनं मला दोन महिन्यांनी सांगितलं आणि लगेच फोन पुढे केला. "ताई, हे वाच. काही उपयोग नाही." मेसेज तोच, जो माझ्याकडेही तीन ग्रुपांतून आला होता : दहापेक्षा कमी नोकर असतील तर लैंगिक छळाचा कायदा लागू नाही, तक्रारी तपासायला सरकारनं माणसंच नेमलेली नाहीत, आणि पुरावा नसला तर बाईलाच शिक्षा.

पहिला मुद्दा धादांत खोटा. २०१३च्या कायद्याचं सहावं कलम अशाच ठिकाणांसाठी आहे. दहापेक्षा कमी माणसं असतील किंवा तक्रार खुद्द मालकाविरुद्ध असेल, तर जिल्ह्याची स्थानिक समिती चौकशी करते. धुणीभांडी करणाऱ्या बाईलाही तिथं जाता येतं.

माणसं नेमली नाहीत, यात तथ्य आहे, हे मला नाइलाजानं कबूल करावं लागतंय. गोवा विद्यापीठातून आलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं मे २०२३ मध्ये अंमलबजावणीतल्या गंभीर त्रुटींवर बोट ठेवलं. तरी हललं नाही, म्हणून डिसेंबर २०२४ मध्ये तारखाच बांधून दिल्या : ३१ डिसेंबरपर्यंत प्रत्येक जिल्ह्यात या कायद्याखालचा जिल्हा अधिकारी नेमायचा, ३१ जानेवारी २०२५ पर्यंत स्थानिक समिती. कायदा होऊन अकरा वर्षं झाल्यावर! शिवाय समितीतही पूर्णवेळ तपासनीस नसतो. सामाजिक कार्यातली अध्यक्ष, तालुक्यातली एखादी नोकरदार बाई, संस्थांचे दोघं आणि एक सरकारी अधिकारी, एवढ्यांवर अख्खा जिल्हा.

पण म्हणून घरी बसा, हे सांगणाऱ्याला कुणी अधिकार दिला? याच समितीला साक्षीदार बोलावण्याचे, कागदपत्रं मागवण्याचे दिवाणी न्यायालयाचे अधिकार आहेत. आणि तक्रारीची मुदत शेवटच्या प्रकारापासून तीन महिने आहे. सबळ कारण असेल तर समिती आणखी तीन महिने देऊ शकते, पण ते समितीच्या हातात. मेसेजात या मुदतीचा एक शब्द नाही. तो वाचून बाई गप्प बसते आणि मुदत निघून जाते. मालकाला आणखी काय हवं?

शिक्षेचं तर उघड भय घालणं आहे. चौदावं कलम स्पष्ट सांगतं : पुरावा देता आला नाही, एवढ्यावरून कारवाई होत नाही. खोडसाळ हेतू चौकशीत सिद्ध व्हावा लागतो.

बहिणीचा अर्ज लिहून झालाय. नियमाप्रमाणे सहा प्रती लागतात, त्या काढल्यात. सोमवारी आम्ही दोघी जिल्हाधिकारी कार्यालयात जातोय.