नळीची वाट, माझे पाय आणि तुमची प्रतिक्रिया

सर (नाव लिहिलं नाहीत, म्हणून सर), नळीच्या वाटेनं (बेलपाड्याहून हरिश्चंद्रगडावर चढणारी अवघड कातळवाट) जाताना माझे पाय लटपटले ते मनामुळे, असं मी लेखात लिहिलं होतं. त्यावरची तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. "मनाची कौतुकं पुरे. सिद्धेश्वर तलावाला रोज चार चकरा मारल्या असत्या तर नळीच्या वाटेत पाय लटपटले नसते."

आधी माझी चूक. हरिश्चंद्रगडाची उंची मी १६४६ मीटर लिहिली होती, ती कळसूबाईची. गडाची १४२४. दुरुस्त केलंय, आभार.

आता चकरा. मुद्द्याचं नंतर बघू, पण हा सूर मला कट्ट्यावरचा वाटतो. समोरच्याला ओळखत नाही, तरी तो आळशी आहे हे ठरलेलं! नळीची वाट केली त्याच वर्षी कोजागरीला मी सोलापूरच्या रूपाभवानीपासून तुळजापूरपर्यंत चालत गेलो होतो. ४५ किलोमीटर. दुसऱ्या दिवशी दहाला दुकान उघडलं. (हो, तो सपाट डांबरी रस्ता आहे, मला माहितीय.) गडाची चढाई त्यानंतर पाच आठवड्यांनी. पाय तेच. फक्त बेलपाड्याहून निघताना वडिलांच्या ऑपरेशनची तारीख डोक्यात घोळत होती. कातळटप्प्यावर एकदा खाली पाहिलं आणि दगड असा आवळून धरला की हाताला गोळे आले, पोटऱ्या थरथरायला लागल्या. पाय ठेवायची खोबण वीतभर अंतरावर होती, तरी दिसेना. दम लागला नव्हता हो, भीती वाटत होती.

आणि ही "कौतुकं" माझ्या घरची नाहीत. २००९ साली संशोधक सॅम्युएल मार्कोरा आणि सहकाऱ्यांनी १६ जणांना दीड तास डोकं शिणवणारं काम दिलं आणि मग सायकलवर बसवलं. सरासरी ६४० सेकंदांत ते थकले. तेच लोक माहितीपट बघून आले तेव्हा ७५४ सेकंद टिकले. हृदयाचे ठोके, ऑक्सिजन, लॅक्टेट यांत त्याचं कारण सापडलं नाही; डोकं शिणलेलं असताना तेच पेडल त्यांना जड वाटत होतं. त्यांनाही तलावाला पाठवायचं का?

पाणी-मीठ, ग्रुपचं नियोजन वगैरे तुमचं बाकीचं माझ्या लेखाचा विषयच नव्हतं, सोडून देतो.

आणि चकरा मी मारतो. रोज सकाळी सहाला, कंबर तलावाला. या एकदा. पाणी-मिठाचं तिथंच सांगा.