वीस किलोचा पिंजरा म्हणे! क्रिनोलिनच्या त्या फॉरवर्डला उत्तर

आमच्या फॅमिली ग्रुपवर क्रिनोलिनचा, म्हणजे झग्याला घेर देणाऱ्या आतल्या सांगाड्याचा, तो फॉरवर्ड परत आलाय. फोटोत एक बाई उभी आणि मोलकरणी लांब काठ्यांनी वरून तिच्या अंगात तंबूएवढा झगा घालतायत. खाली मजकूर असा की युरोपात पुरुषांनी ३०० वर्षं बायकांना २० किलोच्या लोखंडी पिंजऱ्यात कोंडलं, बसताही यायचं नाही, घालायच्या फक्त राण्या, शोध लागला तो चोरटा गर्भ लपवायला, आणि हजारो जणी जळून मेल्या. खाली मावशीचे हात जोडलेले.

आधी फोटो. १८६०च्या आसपास स्टिरिओ कार्डं निघायची, एकाच प्रसंगाचे दोन फोटो शेजारी शेजारी, दुर्बिणीसारख्या डबीतून बघितले की चित्र उठून दिसायचं. त्यात फॅशनची टर उडवणारी सेट लावून काढलेली कार्डं भरपूर खपायची. हा फोटो त्यातलाच, म्हणजे दीडशे वर्षांपूर्वीचं मीम आपण पुरावा म्हणून फिरवतोय.

आता वजन. इथे तर सगळं उलटंच आहे. १८४०च्या दशकात घेर यायचा तो एकावर एक पाच-सहा परकर घालून, काही खळ घातलेले, काही घोड्याचे केस विणून ताठ केलेले, आणि क्रिनोलिन हे नाव मुळात त्या केसांच्या कापडाचं, फ्रेंचमध्ये क्रिन म्हणजे घोड्याचा केस. ते ओझं कमरेवर आणि पायात घोटाळणारं. मग १८५६ साली पॅरिसमध्ये मिलिये नावाच्या माणसाने स्टीलच्या गोल कड्यांच्या सांगाड्याचं पेटंट घेतलं आणि त्या ढीगभर परकरांचं काम एका सांगाड्यावर आलं. कडी म्हणजे गज नव्हे हो, मेजरिंग टेपच्या पातीसारखं पातळ स्प्रिंग स्टील, वरून कापड गुंडाळलेलं. २० किलो सोडा, हा सांगाडा एका हाताने उचलता यायचा. बायकांनी तो सुटका म्हणून घेतला, पाय मोकळे झाले ना!

बसायचं कसं? भाचीच्या गॅदरिंगला मी असा घेर ठिबकच्या नळीचा केला होता. तिसरं कडं जोडेपर्यंत ठीक होतं, मग पोरगी खुर्चीत बसली आणि नळी मुडपून झगा पुढून थेट नाकापर्यंत वर. तेव्हा कळलं की सगळी कमाल स्टीलची आहे, दाबलं की चपटं, सोडलं की परत गोल. शिवाय कडी उभ्या पट्ट्यांवर लटकलेली असतात, त्यामुळे घडीच्या आकाशकंदिलासारखी एकावर एक बसतात. खऱ्या क्रिनोलिनमध्ये बायका बग्गीत बसायच्या, चर्चमध्ये बसायच्या, नाचायच्या पण.

फक्त राण्या? १८६० साली इंग्लंडच्या कोर्टोल्ड कापड गिरणीने कामगार बायकांना सांगितलं की हूप (घेराची कडी) आणि क्रिनोलिन घरी ठेवून या. राण्या काय गिरणीत कामाला जायच्या?

गर्भाची गोष्ट मात्र अगदीच हवेतली नाही. १४७०च्या सुमारास स्पेनमधल्या कॅस्टिल राज्याची राणी हुआना हिच्याबद्दल दरबारात ही कुजबुज होती, आणि पुढे स्पेनमधल्या रुंद सांगाड्याचं नावच ग्वार्दाइन्फांते पडलं, म्हणजे 'बाळ राखणारा'. पण कुजबुज म्हणजे शोधाचं कारण नव्हे. आणि पुरुषांनी लादलं म्हणता? स्पेनचा राजा चौथा फिलिप याने १६३९ मध्ये हाच प्रकार वेश्या सोडून सगळ्यांना बंद केला, आणि १७ वर्षांनी चित्रकार वेलास्केझने काढलेल्या 'लास मेनिनास' चित्रात त्याचीच पाच वर्षांची लेक तोच घेर घालून मधोमध उभी!! क्रिनोलिनच्या काळातही इंग्लंडच्या 'पंच' या विनोदी साप्ताहिकातले पुरुष वर्षानुवर्षं टिंगलच करत होते. ३०० वर्षं सलगही नाही, सतराव्या शतकात इंग्लंड-फ्रान्समध्ये हूप गेलं, मग अठराव्यात परत आलं आणि पुढे दोन्ही बाजूंनी रुंद झालं, इंग्लंडच्या दरबारात ते १८२० पर्यंत रेंगाळलं, क्रिनोलिन त्यानंतरचं.

आगीचं खरं आहे, ते मी नाकारत नाही. पण पेटायचं ते कापड, मलमल आणि जाळीदार टार्लेटन, घरोघरी उघडी शेकोटी आणि मेणबत्त्या, आणि घेराखाली भरपूर हवा, चुलीला फुंकर मिळावी तशी. घेर आपल्याला कळतो त्याहून लांब पसरतो, मागे काय चिकटलं ते दिसतच नाही. चिलीत सांतियागोला ८ डिसेंबर १८६३ ला चर्चमध्ये दोन हजारांवर माणसं गेली, बहुतेक बायका, त्याचंही खापर क्रिनोलिनवर फोडतात. घेरांमुळे दारात अडकाअडकी झालीच असणार, पण आत हजारो दिवे आणि कापडी सजावट होती ते कोणी सांगत नाही. स्टीलचं कडं पेटत नाही हो.

आणि मावशी, तुझ्या सुनेच्या रिसेप्शनच्या लेहेंग्याखाली जो कॅनकॅन होता ना, त्याला आतून दोन रिंगा होत्या. तिला गाडीत बसवताना मागून त्या दाबत कोण होतं? मीच.