बिडीच्या कात्रीचा ताल

मामेभावाचा फोन त्याच्या मध्यरात्री आला की मी ओळखतो, सोलापुरात काहीतरी पेटलंय. माझ्याकडे तेव्हा संध्याकाळ असते, आयर्लंडमधल्या लिमरिक शहरात पाऊस असतो आणि मी कुकरच्या शिट्ट्या मोजत असतो. या वेळी पेटलंय नाटक. त्याच्या हौशी ग्रुपनं एका निवृत्त साचेवाल्याच्या, म्हणजे गिरणीत माग चालवणाऱ्याच्या, आत्मकथनावरून संगीत नाटक बसवायला घेतलंय. गिरणीतली तिसरी पाळी, बदली कामगाराची हाजरी, गिरणी बंद पडल्यावर बायकोच्या बिड्यांवर चाललेलं घर, पगाराच्या रात्री घरात व्हायचं ते, सगळं त्या शंभरेक पानांत आहे. लेखक आता नाहीत. त्यांचं नाव मुद्दाम देत नाही, कारण त्यांची मुलगी या भांडणाच्या मधोमध उभी आहे.

गावात काहींना 'संगीत नाटक' या शब्दाचाच त्रास होतोय. शालू, शेला, ऑर्गन आणि नांदी सोडून गिरणीचा भोंगा आणि मागाचा धोटा कुठून आला, असं एका काकांनी आमच्या फॅमिली ग्रुपवर लिहिलं. त्यांना मी एवढंच कळवलं की सोलापूरची जुनी मिल १८७७ ची आणि किर्लोस्करांचं 'शाकुंतल' १८८० चं. दोघांच्या वयात तीन वर्षांचं अंतर, ओळख व्हायला एवढा उशीर का झाला तेच कळत नाही. शिवाय बार्शीच्या गिरणीत राबलेले शाहीर अमर शेख याच जिल्ह्याचे. काकांनी अंगठा पाठवला. म्हणजे पटलं नाही.

दुसरी तक्रार नेहमीचीच, गावाची बदनामी. दारू, भूक, सावकार स्टेजवर कशाला? ही तक्रार ऐकली की मला हसू येतं, कारण मी राहतो ते गाव या तक्रारीत मुरलेलं आहे. लेखक फ्रँक मकोर्टचं बालपण लिमरिकच्या गल्ल्यांत गेलं. त्याच्या आठवणींचं 'अँजेलाज अ‍ॅशेस' १९९६ मध्ये आलं, त्याला पुलित्झर मिळालं आणि इथली निम्मी माणसं खवळली. आमच्या गावात एवढी ओल नव्हती, एवढी उपासमार नव्हती, हा पोरगा खोटं लिहितो, असं ती म्हणायची. पुढच्याच वर्षी इथल्या विद्यापीठानं त्याला मानद डॉक्टरेट दिली. २०१७ च्या जुलैमध्ये त्याच पुस्तकावरचं म्युझिकल पहिल्यांदा रंगभूमीवर आलं, तेही लिमरिकच्याच लाइम ट्री थिएटरमध्ये. मी नवीनच होतो, तिकीट काढून गेलो. शेजारच्या खुर्चीतल्या आजी मध्यंतरात म्हणाल्या, पुस्तक हातात धरायचं नाही अशी मी शपथ घेतली होती, ती मोडली नाही. नाटकाची शपथ घेतली नव्हती.

हा किस्सा मी मामेभावाला मोठ्या ऐटीत सांगितला. बघ, वीस वर्षांत गाव निवळतं. तो म्हणाला, "तिथं बसून सांगायला तुझं काय जातंय बे?"

खरं आहे. फोन ठेवल्यावर मला जे सुचलं ते माझ्याच विरोधात जाणारं होतं. लिमरिक निवळलं, कारण त्या गल्ल्या उरल्या नाहीत. १९९९ मध्ये पुस्तकावर सिनेमा आला तेव्हा गल्लीचा सेट उभारावा लागला होता. पाडलेल्या घरातली ओल गाण्यात गोड लागते. आमच्याकडे तसं नाही. गिरण्या गेल्या, पण बिडी आहे. कुंभारीला कामगार बायकांसाठी दहा हजार घरांची गोदूताई परुळेकर वसाहत झाली, २०२४ च्या जानेवारीत तिथल्याच रे नगर या कामगार वसाहतीतल्या १५,००० घरांच्या चाव्या दिल्या गेल्या. त्या घरांतही मांडीवर बिड्या वळायचं सूप आहेच आणि मजुरी हजार बिड्यांच्या भावानंच आहे. नाटकातली बाई ज्या क्षणी गाणं म्हणणार, त्याच क्षणी थिएटरपासून रिक्षाच्या अंतरावर एखादी बाई गप्प बसून पानं कापत असणार.

आणि मुलगी. तिचं म्हणणं साधं आहे: बापानं लिहिलं ते बापाचं, पण त्यातली आई माझी आहे, तिला नाचवू नका. यावर माझ्याकडे उत्तर नाही. आहेत ते फक्त परक्यांचे दाखले. 'द साउंड ऑफ म्युझिक' हे म्युझिकल ज्या आठवणींवरून निघालं, त्या लिहिणाऱ्या मारियाच्या घरच्यांना स्टेजवरचा तो कडक बाप आपला वाटला नाही. खरा बाप मायाळू होता म्हणे. मकोर्टबद्दल तर असं सांगतात की पुस्तकाच्या कितीतरी आधी तो आणि त्याचा भाऊ न्यूयॉर्कला घरच्या गोष्टींचा प्रयोग करत, तेव्हा प्रेक्षकांत बसलेली आई उठून ओरडली होती, सगळं खोटं आहे! भाऊ म्हणाला, मग वर येऊन तूच सांग. ती गेली नाही.

मला त्या आईचं उठणं महत्त्वाचं वाटतं. पुस्तक आलं तेव्हा ती हयात नव्हती, मग उठणार कोण? सोलापुरात उठणारी माणसं अजून आहेत. म्हणून माझं मत असं झालंय की नाटक आत्ताच करावं, वीस वर्षांनी नाही, आणि पहिल्या प्रयोगाआधी एक तालीम बिडीवाल्या बायकांसमोर करावी. लेखकाची बायको घरात तेलुगूच बोलायची, तर तिचं गाणंही तेलुगूच ठेवावं, पुण्याच्या स्पर्धेतल्या परीक्षकांना कळो न कळो.

मामेभावानं तालमीचं ठरवलंही, माझ्या सल्ल्यानं नव्हे, त्याला शाळेचा हॉल फुकट मिळाला म्हणून. त्यानं पाठवलेलं रेकॉर्डिंग मी तीनदा ऐकलं. संगीतकार पोरानं तबला काढून टाकलाय. ठेका कात्रीचा: पानावर कात्री, मग दोरा तोडल्याचा बारीक आवाज, मग सूप आपटणं. छान जमलंय असं मला वाटत होतं, तेवढ्यात मागून एक बाईमाणूस मध्येच बोललं, "एवढ्या जोरात कापलं तर पान फाटतंय की. आन् पान भिजवलं नाही काय? वाळल्या पानाचा आवाज हाय ह्यो." हॉलमध्ये हसू. मग शांतता. मग कात्री पुन्हा सुरू झाली, हळू, जवळजवळ ऐकू न येणारी. पेटी वाजवणाऱ्याला त्या आवाजाखाली जाण्यासाठी थांबावंच लागलं.

बोलणाऱ्या कोण, असं विचारलं तर त्या लेखकाच्या कन्याच. परवानगी दिली का? "अजून नाही. पण उद्या पानं भिजवून आणते म्हणाल्या अक्का."

पहिला प्रयोग सोलापूरची जानेवारीतली गड्ड्याची जत्रा उरकल्यावर ठरतोय. मी म्हटलं, माझी रजा जुलैत आहे, व्हिडिओ पाठव. तो म्हणाला, व्हिडिओ काढायचा नाही असं अक्कांनी सांगितलंय, रजा बदल.