कळसूबाई सर्वात उंच, पण कुठल्या हद्दीत?

पावसाळा लागला की ट्रेकवाल्यांच्या ग्रुपांवर एक मजकूर हमखास फिरतो: 'कळसूबाई, अख्ख्या सह्याद्रीतलं म्हणजेच पश्चिम घाटातलं सर्वोच्च शिखर. हिमालय ते निलगिरी यांच्यामध्ये याच्याइतकं उंच काही नाही. माथ्यावर पोचलात की तुम्ही एका विझलेल्या ज्वालामुखीवर उभे असता. दुसरा नंबर साल्हेरचा.'

साल्हेरपासूनच सुरुवात करू, कारण तेवढंच खरं आहे आणि तेही महाराष्ट्रापुरतं. 1,646 मीटरची कळसूबाई राज्यात पहिली, 1,567 मीटरचा साल्हेर दुसरा.

पश्चिम घाट मात्र आपल्या हद्दीत संपत नाही. केरळच्या इडुक्की जिल्ह्यात, एराविकुलम राष्ट्रीय उद्यानात अनामुडी आहे, 2,695 मीटर. म्हणजे कळसूबाईपेक्षा हजारभर मीटर उंच! उटीजवळचं दोड्डाबेट्टाही 2,637. 'सह्याद्री म्हणजे आपल्याकडचाच भाग' अशी पळवाट काढायची तर खुशाल काढा, पण मग पुढे 'म्हणजेच पश्चिम घाट' लिहू नका.

हिमालय-निलगिरीचं बिरुद तर उसनंच. ते एरवी अबूच्या गुरुशिखराला (1,722 मीटर) लावतात, आणि तिथेही ते टिकत नाही. चिकमगळूरचं मुळ्ळयनगिरी निलगिरीच्या उत्तरेलाच आहे आणि 1,900 मीटरच्या वर आहे. ओडिशातलं देवमाळीसुद्धा (1,672) कळसूबाईला मागे टाकतं.

आता ज्वालामुखी. दगड लाव्हाचाच, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा, यात वाद नाही. पण तो मुख्यतः जमिनीला पडलेल्या लांबलचक भेगांतून आला आणि थरावर थर पसरत गेला. बारी गावातून चढताना हे पायांनाच कळतं: जरा सपाटी, मग उभा कडा, पुन्हा सपाटी. कठीण बेसॉल्ट कड्यासारखा उभा राहतो, तिथे लोखंडी शिड्या लावाव्या लागल्यात. मऊ थर झिजतो, तिथे दम खायला जागा मिळते. पाण्याने हे थर कोरत नेले आणि उरला तो डोंगर. माथ्यावर देवीचं देऊळ आहे, ज्वालामुखीचं तोंड नाही.

खरी गंमत पुढेच आहे. घाटातल्या या थरांच्या सर्वात जुन्या, तळाच्या गटाला भूगर्भशास्त्रज्ञांनी कळसूबाईचंच नाव दिलंय. महाबळेश्वरच्या पठारावरचे थर त्यानंतरचे, तरी तिथली उंची 1,438 मीटरच. थर दक्षिणेकडे हलकेच कललेत, म्हणून उत्तरेत तळाचेच थर एवढ्या उंचावर दिसतात. एकाच ज्वालामुखीने रचलेला शंकू असता, तर जुना लाव्हा त्याच्या बुडाशी गाडला गेला असता.