काकू नाही, आणि सगळं मशीनही सांगत नाही

परवाच्या ‘विळ्याच्या आकाराची कोशिका’ या माझ्या पोस्टखाली पुण्याच्या एका वाचकांनी लांबलचक प्रतिक्रिया टाकलीय. नाव दिलेलं नाही, नुसतं ‘एक पॅथॉलॉजिस्ट, पुणे’. ज्यांनी वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. पोस्ट सिकलसेलवर होती, आईबापांकडून येणारा रक्ताचा आजार, त्यात लाल पेशी विळ्यासारख्या वाकतात. त्यावर ते म्हणतात: कोशिका हा हिंदी शब्द, मराठीत पेशी म्हणतात. विळ्यासारख्या पेशी 1910 मध्ये शिकागोच्या हेरिक या डॉक्टरने पहिल्यांदा बघितल्या असं मी लिहिलं ते चूक, त्याच्या हाताखालच्या इंटर्नने त्या 1904 मध्येच बघितल्या होत्या. मी लिहिलं होतं की ‘स्लाइड (म्हणजे काचेवर पसरून मायक्रोस्कोपखाली बघतात ते रक्त) स्वच्छ आली की निर्धास्त व्हावं’, तर सिकलच्या वाहकाची, म्हणजे ज्याला आईबापांपैकी एकाकडूनच तो दोष आलाय आणि स्वतःला आजार नाही त्याची, स्लाइड स्वच्छच असते, म्हणून ते वाक्य दिशाभूल करणारं आहे. आणि शेवटी, जसंच्या तसं देते: “काकू, स्लाइडवर डोळे फोडायचे दिवस गेले, आता सगळं मशीन सांगतं.”

दोन दिवस मी काही लिहायचं नाही असं ठरवलं होतं. घरचे म्हणाले सोड, कशाला तोंडी लागतेस. पण ते शेवटचं वाक्य पोहे खातानाही डोक्यात फिरून राहिलं होतं, म्हणून लिहितेय.

आधी जे मान्य आहे ते मान्य करते, मी काही हट्टी बाई नाही. पेशी हा शब्द बरोबर. इंदूरमध्ये चार पिढ्या काढल्यावर कोशिका, जांच, इलाज हे शब्द तोंडात बसतात, सासूबाई तर ‘खून जांचायला गेले होते’ म्हणायच्या आणि कुणाचं काही बिघडलं नाही, तरी पोस्टमध्ये आत जिथे जिथे कोशिका होतं तिथे पेशी केलंय. 1904 पण बरोबर. ग्रेनाडाहून डेंटिस्ट व्हायला आलेला मुलगा, वॉल्टर नोएल त्याचं नाव, त्याचं रक्त अर्नेस्ट आयर्न्स या इंटर्नने बघितलं आणि हेरिकने ते 1910 मध्ये छापलं. पण इतिहासच काढायचा असेल तर मग 1840 ला जाऊ या की, तेव्हा गलिव्हर नावाच्या इंग्रजाने हरणाच्या रक्तात असेच विळे बघितले होते, आणि गंमत म्हणजे हरणाला त्याचा काहीच त्रास होत नाही. हे तुम्ही लिहिलं नाहीत. असो.

आता काकू. अहो, मी तुम्हाला ओळखत नाही, तुम्ही मला ओळखत नाही. राजेंद्र नगरात खालच्या मजल्यावरची पोरं मला काकू म्हणतात कारण त्यांना मी गूळपोळी देते. तुम्हाला मी काय दिलंय? पोस्ट एखाद्या डॉक्टर पुरुषाने लिहिली असती तर ‘काका, तुमचे दिवस गेले’ असं लिहिलं असतंत का? सर म्हटलं असतंत. मी डॉक्टर नाही हे मी पोस्टच्या पहिल्याच ओळीत लिहिलंय, मी लॅब टेक्निशियन, 31 वर्षं इथल्या एका खाजगी लॅबमध्ये काम करून 2017 मध्ये रिटायर झाले. त्यात लपवण्यासारखं काय आहे?

आणि ‘सगळं मशीन सांगतं’. काय सगळं? सेल काउंटर पेशी मोजतो, त्यांच्या आकारमानाची सरासरी काढतो आणि आरडीडब्ल्यू देतो, म्हणजे त्यात लहानमोठेपणा किती आहे ते. आकारमान आणि आकार या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, मराठी शिकवायला निघालात म्हणून सांगतेय. पेशी विळ्यासारखी आहे, की मधोमध टिकली लावलेली टार्गेट सेल आहे, की शेपटीवाली टिअरड्रॉप, हे साध्या काउंटरला दिसत नाही, तो फार तर फ्लॅग देतो, म्हणजे ‘बाई, जरा बघून घे’ असं म्हणतो. कुणाला म्हणतो? स्लाइड बघणाऱ्यालाच ना? फोटो काढून पेशी ओळखणारी मशीनंही निघालीत, माहीत आहे मला, तुमच्याकडे असतील. पण तीही स्लाइडचाच फोटो काढतात, आणि शेवटी माणूसच बघून सही करतो.

शिवाय जे दिसतं ते सगळं आजार नसतं, हे डोळे फोडल्याशिवाय कळत नाही. मे महिन्यात धारहून दुपारच्या बसने, जांभळ्या झाकणाच्या व्हायलमध्ये तापत आलेलं रक्त संध्याकाळी स्लाइडवर घ्या, पेशींना धोतऱ्याच्या फळासारखे काटे आलेले दिसतील. नवीन पोरगी बर सेल्स, म्हणजे किडनीच्या आजारात दिसतात त्या काटेरी पेशी, लिहून मोकळी होते, मग डॉक्टर किडनीच्या मागे लागतात आणि पेशंट बिचारा घाबरतो. नव्याने रक्त घेऊन लगेच स्लाइड काढा, काटे गायब. तसंच टिअरड्रॉपचं. शेपट्या सगळ्या एकाच दिशेला असतील तर तो आजार नाही, स्लाइड ओढणाऱ्याचा हात आहे. स्लाइडच्या टोकाला, जिथे रक्त विरळ होतं, तिथे पेशी ताणून लांबुळक्या होतात आणि त्यांना सिकल म्हणून मोकळे झालेले रिपोर्ट मी स्वतः बघितलेत. खरा विळा दोन्ही टोकांना निमुळता, आत दाट, मधला फिकटपणा गेलेला, आणि शेजारचा दुसरा विळा वेगळ्याच दिशेला तोंड करून असतो. हे मी बटण दाबून नाही शिकले.

एक गोष्ट सांगते म्हणजे कळेल. 1996, आमच्याकडे काउंटर नवाच आला होता, सगळे त्याच्याकडे देवासारखं बघून राहिले होते. अलीराजपूरकडची भिलाला समाजाची एक बाई नऊ वर्षांच्या मुलीला घेऊन गंगवाल स्टँडवर उतरून सरळ आमच्याकडे आली, हातात चिठ्ठी. मुलीचे हातपाय दुखायचे, रडून रडून आवाज बसलेला, गावाकडे वाताचं औषध चालू होतं. मशीनने सांगितलं हिमोग्लोबिन 6.8, पांढऱ्या पेशी 26,000. म्हणजे मोठं इन्फेक्शन, असंच सगळ्यांना वाटलं. पण ईएसआर, म्हणजे तासाभरात लाल पेशी नळीत किती मिलिमीटर खाली बसतात तो आकडा, आला 4. इतकं रक्त कमी असलेल्या आजारी मुलीचा ईएसआर वाढायला हवा, हा 4 कसा? विळ्यासारख्या पेशी एकावर एक नाण्यांसारख्या रचल्या जात नाहीत, म्हणून त्या लवकर खाली बसत नाहीत. मला शंका आली. लीशमनच्या रंगाने रंगवून स्लाइड लावली, आणि विळे, टार्गेट, आणि शंभर पांढऱ्या पेशींमागे तीस केंद्रकवाल्या कच्च्या लाल पेशी, ज्यांना तुमचं मशीन पांढऱ्या म्हणून मोजून बसलं होतं. दुरुस्त करून आकडा आला 20,000. मग सिकलिंग टेस्ट, म्हणजे ऑक्सिजन काढून घेतला की पेशी वाकतात का ते बघायचं. दोन टक्के मेटाबायसल्फाइट ताजं बनवलं, रक्ताचा थेंब, कव्हरस्लिप, आणि हवा जाऊ नये म्हणून कडा बंद करायला माझ्याच पर्समधलं नेलपॉलिश लावलं, लाल रंगाचं, आमच्या लॅबचे डॉक्टर, म्हणजे सर, हसले होते. अर्ध्या तासाने बघितलं तर ज्या गोल होत्या त्याही वाकायला लागल्या होत्या.

आईचीही स्लाइड काढली मी. एकदम स्वच्छ, सगळ्या गोल. मी तिला तिथेच म्हटलं, तुला काही नाही, तू बिनधास्त राहा. सरांनी ऐकलं नाही, म्हणाले हिचंही सिकलिंग लाव. लावलं, तर अर्ध्या तासाने तिच्याही वाकल्या. इलेक्ट्रोफोरेसिसला, म्हणजे हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करणाऱ्या तपासणीला, बाहेर पाठवलं, ए म्हणजे साधं आणि एस म्हणजे सिकलचं, दोन्ही पट्ट्या आल्या, म्हणजे ती वाहक. तिला पाचवा महिना होता. आई-बाप दोघं वाहक असले तर प्रत्येक खेपेला मूल आजारी निघण्याची चारात एक शक्यता असते, ते सरांनी तिला केबिनमध्ये बसवून सांगितलं, मी बाहेर नळाखाली स्लाइडी धूत होते.

आता तुम्ही म्हणाल, बघा, हेच तर मी म्हणत होतो. तर नका म्हणू. वाहकाच्या पेशीत साध्या हिमोग्लोबिनचा वाटा जास्त असतो, म्हणून अंगात फिरताना ती वाकत नाही, एचपीएलसीवर, तीही हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करणारी तपासणी, मात्र एसचं शिखर उघडं पडतं, आणि सॉल्युबिलिटी टेस्टला पाणी गढूळ झालं तरी वाहक की रोगी ते कळत नाही, हे सगळं मला माहीत आहे, त्यासाठी पुण्याहून सांगायची गरज नव्हती. 2023 च्या जुलैत आमच्या मध्य प्रदेशात शहडोलला सिकलसेल निर्मूलनाचं जे राष्ट्रीय मिशन सुरू झालं, सात कोटी लोकांच्या तपासणीचं, ते या वाहकांसाठीही तर आहे. माझं वाक्य जरा सैल होतं, एवढंच. सैल वाक्य आणि दिशाभूल यात फरक असतो.

बाकी हायड्रॉक्सीयुरिया या सिकलवरच्या औषधाबद्दल तुम्ही जे लिहिलंय त्यावर मी काही बोलणार नाही, ते डॉक्टरांचं काम. आणि ‘हा फक्त आदिवासींचा आजार’ असं मी कुठेच लिहिलेलं नाही, विदर्भात तो इतर समाजांतही आहे, पोस्ट पुन्हा वाचा, चष्मा लावून.

पुढच्या वेळी नाव लिहा. ताई म्हणा, बाई म्हणा, काहीच नाही म्हटलं तरी चालेल.

ते वाक्य काल रात्री मी बदललं. आता तिथे ‘स्लाइड स्वच्छ असली तरी नवरा-बायको दोघांनी एचपीएलसी करून घ्यावी’ असं आहे. तुमच्यामुळे नाही, मला स्वतःला वाटलं म्हणून. शीर्षकातली कोशिका मात्र तशीच राहणार.