झुबिन मेहता आणि ती ‘नुसती काठी’

२९ एप्रिलला पाश्चात्त्य वाद्यवृंदांचे कंडक्टर, म्हणजे हातातल्या काठीने वादकांना चालवणारे संचालक, झुबिन मेहता यांचा वाढदिवस असतो. त्या सुमारास अभिनंदनाच्या जोडीने एक मजकूरही फिरू लागतो. मला तो आतापर्यंत तीन-चार जणांकडून आलाय. मथितार्थ असा: ‘हा माणूस एकही वाद्य वाजवत नाही, नुसती काठी हलवतो आणि टाळ्या घेतो. वडील संगीतात होते म्हणून पुढे आला. शांततेच्या नावाखाली राजकारण्यांच्या मांडवात मिरवला. आणि अठराव्या वर्षी देश सोडला तो परदेशीच झाला. भारताला त्याचा काय उपयोग?’ पाठवणारी माणसं गाण्यातली आहेत, चांगल्या कानाची आहेत, म्हणूनच गप्प राहवत नाही.

आधी काठी. बीथोव्हनच्या पाचव्या सिम्फनीचे (सिम्फनी म्हणजे मोठ्या वाद्यवृंदासाठीची दीर्घ रचना) पहिले चार स्वर बहुतेकांच्या कानावरून गेलेले असतात: तीन आखूड, एक लांब. पण स्वरलिपीत त्या तिघांच्या आधी एक विराम लिहिलेला आहे. आपल्या भाषेत सांगायचं तर सम रिकामी आहे. कंडक्टरचा हात खाली येतो तेव्हा काहीच वाजत नाही, आणि त्या शांततेला लागूनच तीन स्वर उसळतात. आधी ठेका धरून देणारं कुणी नसतं, लय पकडायला एखादं आवर्तनही मिळत नाही. सगळी व्हायोलिनं, व्हायोला, चेलो, डबल बास आणि दोन क्लॅरिनेट, एवढ्यांनी एका क्षणी उठायचं. लय काय आणि जोर किती, हे त्यांना कळतं ते हात वर उचलला जातो तेवढ्या अवधीत. पुढे चौथ्या स्वरावर थांबण्याची खूण आहे. किती थांबायचं ते लिहिलेलं नाही. मग तोच आकृतिबंध खालच्या स्वरांवर येतो आणि त्याचा शेवटचा स्वर पहिल्या वेळेपेक्षा लांब लिहिलेला आहे, त्यावरही थांबा. तो स्वर कधी सोडायचा हे इतक्या जणांनी आपापलं ठरवलं तर काय होईल, याची कल्पना गाणाऱ्याला तरी करून द्यावी लागू नये.

आणि हे मैफलीतलं झालं. खरं काम तालमीत असतं. मोठ्या कृतीच्या एका पानावर वीस-वीस ओळी एकाखाली एक असतात आणि त्या सगळ्या एकदम वाचायच्या असतात. त्यातही क्लॅरिनेटवाल्याच्या कागदावरचा स्वर आणि कानाला येणारा स्वर वेगळा, हॉर्नचा आणखी वेगळा. मागे बसलेल्या ट्रॉम्बोनवाल्याला पुढे चाललेलं ओबोचं नाजूक काम धड ऐकूही येत नाही. कुणी किती दबायचं हे सांगणारा कान एकच, तो मधे उभा असतो.

कंडक्टरशिवाय वाजवणारे वाद्यवृंद आहेत, हे मान्य. न्यूयॉर्कचा ऑर्फियस चेंबर ऑर्केस्ट्रा १९७२पासून तसंच वाजवतो आणि उत्तम वाजवतो. पण तो लहान वृंद आहे. कंडक्टरचं काम तिथे नाहीसं होत नाही, वादक ते आपसांत वाटून घेतात. माहलर या संगीतकाराच्या काही सिम्फनींत शंभर वादक आणि मागे गायकवृंद असतो, तिथे ही वाटणी जमत नाही.

‘एकही वाद्य वाजवत नाही’ हेही चूक आहे. व्हिएन्नाच्या अकादमीत मेहता डबल बास शिकले. तिथली एक गोष्ट मला फार आवडते. कारायान आणि ब्रूनो वाल्टर या नामवंत कंडक्टरांच्या तालमींना बाहेरच्यांना प्रवेश नसे. तेव्हा मेहता आणि त्यांचा सहाध्यायी क्लाउडिओ आबाडो सरळ गायकवृंदात भरती झाले. गाता गाता समोरून त्या दोघांचे हात बघायला मिळावेत, एवढ्यासाठी!

आता वडिलांचा मुद्दा. मेहली मेहतांनी १९३५मध्ये बॉम्बे सिम्फनी ऑर्केस्ट्रा उभा केला, त्यामुळे झुबिनच्या कानावर लहानपणापासून तालमी पडल्या. हा लाभ नाकारण्यात अर्थ नाही. आपल्याकडे घराण्यातल्या मुलाला जे मिळतं तेच ते. पण व्हिएन्नात संचालन शिकवणाऱ्या हान्स स्वारोव्स्कींच्या वर्गात मेहलींच्या नावाने काय होणार होतं? १९५८ची लिव्हरपूलची आंतरराष्ट्रीय स्पर्धा मुलाने जिंकली ती स्वतःच्या हातावर. पुढची मोठी दारं उघडली ती बदली म्हणून उभं राहताना. मॉन्ट्रियलला इगोर मार्केविच आजारी, लॉस एंजेलिसला फ्रिट्झ रायनर आजारी, इस्रायल फिलहार्मोनिकला यूजीन ऑर्मंडींच्या जागी. बदली कंडक्टरला परक्या वादकांसमोर मोजक्या तालमींत सिद्ध व्हावं लागतं, आणि त्या वादकांना त्याचा बाप कोण याच्याशी देणंघेणं नसतं. १९६२मध्ये, वयाच्या सव्विसाव्या वर्षी, लॉस एंजेलिस फिलहार्मोनिक त्यांच्याकडे आला. नंतर न्यूयॉर्क फिलहार्मोनिकवर ते १९७८ ते १९९१ अशी तेरा वर्षं टिकले.

शांततेच्या मुद्द्यातला एक भाग मला पटतो. ७ सप्टेंबर २०१३ला श्रीनगरच्या शालिमार बागेत मेहतांच्या हाताखाली म्युनिकच्या बव्हेरियन स्टेट ऑर्केस्ट्राची मैफल जर्मन दूतावासाने घडवली. ती निमंत्रितांपुरती होती, भोवती कडा पहारा होता. फुटीरतावाद्यांनी बंद पुकारला होता, आणि शहरात नागरी गटांनी त्याच दिवशी आपला वेगळा कार्यक्रम घेतला. ज्यांच्यासाठी वाजवायचं ते कुंपणाबाहेर राहिले, ही टीका रास्त आहे. तरी त्याच मंचावर काश्मिरी संतूरवादक अभय सोपोरींची रचना काश्मिरी वादक आणि म्युनिकचे वादक एकत्र वाजवत होते, हेही सांगायला हवं.

पण त्यावरून आयुष्यभराचं काम मिरवणं ठरवायचं असेल तर युद्धात वेढलेलं बोस्नियाचं साराजेव्हो आठवा. ऑगस्ट १९९२मध्ये तोफगोळ्यांनी तिथलं राष्ट्रीय ग्रंथालय पेटवलं आणि लाखो पुस्तकं जळाली. जून १९९४मध्ये, शहराचा वेढा अजून उठलेला नसताना, मेहता त्या जळक्या इमारतीत उभे राहिले आणि मोझार्टचं ‘रेक्विएम’ केलं, मृतांसाठीची प्रार्थना. त्यांनी आपला मानाचा वृंद सोबत नेला नव्हता. वाद्यवृंद आणि गायकवृंद साराजेव्होचेच होते, त्याच वेढ्यात जगणारे. अशा जागी मिरवायला कोण जातं?

इस्रायल फिलहार्मोनिकशी त्यांचं नातं १९६१पासूनचं. १९७७मध्ये ते संगीत दिग्दर्शक झाले आणि २०१९मध्ये निवृत्त झाले. पण म्हणून ते तिथल्या सरकारचे भाट झाले नाहीत. व्यापलेल्या पॅलेस्टिनी भागात ज्यू वस्त्या वसवण्याच्या धोरणावर त्यांनी उघड टीका केली आहे.

राहिला देश सोडल्याचा आरोप. १९५४मध्ये मुंबईत सिम्फनीचं संचालन शिकवणारी संस्था कुठे होती? मुलगा सेंट झेवियर्समध्ये डॉक्टरकीच्या वाटेवर होता, ती सोडून तो शिकायला गेला. आणि ‘परदेशी झाला’ हे तर धादांत खोटं आहे. मेहतांनी भारतीय नागरिकत्व सोडलेलं नाही. हयात परदेशात गेली, पण पासपोर्ट भारताचाच राहिला.

उपयोगाचंही बघू. पंडित रविशंकरांचं सतारीचं दुसरं कन्चेर्टो (एकल वाद्य आणि वाद्यवृंद यांची रचना), ‘रागमाला’, १९८१मध्ये न्यूयॉर्क फिलहार्मोनिकने पहिल्यांदा वाजवलं, ते मेहतांच्या हाताखाली. १९८४मध्ये तोच वृंद ते भारतात घेऊन आले. भारत आणि इस्रायल यांचे राजनैतिक संबंध १९९२मध्ये पूर्ण जुळले आणि १९९४मध्ये ते इस्रायल फिलहार्मोनिकला मुंबईत घेऊन आले. वडिलांच्या नावाचं मेहली मेहता म्युझिक फाउंडेशन १९९५पासून मुंबईत मुलांना पाश्चात्त्य संगीत शिकवतं. इथे मुक्काम ठोकून त्यांनी शिष्य घडवले नाहीत, ही उणीव मलाही जाणवते. पण ‘काय उपयोग’ या प्रश्नासमोर एवढी नोंद पुरेशी आहे.

वडिलांचा ऑर्केस्ट्रा पुढे टिकला नाही. सिम्फनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया हा आपला पूर्णवेळ वृंद उभा राहायला २००६ साल उजाडलं. ऑगस्ट २०२३मध्ये, वयाच्या सत्त्याऐंशीव्या वर्षी, झुबिन मेहता नरिमन पॉइंटला एनसीपीए या कलाकेंद्राच्या जमशेद भाभा नाट्यगृहात त्या वृंदासमोर पहिल्यांदाच आले, आणि तो हात मुंबईच्या वादकांसाठी वर उचलला गेला.