४५ कोटींच्या लोंढ्यात माझी आईसुद्धा

‘देशात ४५ कोटी स्थलांतरित, म्हणजे दर तिसरा माणूस उपरा, सरकारी आकडा आहे, वाहिनीवर दाखवला’ असा मजकूर, खाली परप्रांतीयांच्या गुन्हेगारीची एक टक्केवारी, ‘फुकटचे खायला येतात’, ‘खान्देशचा रोजगार पळवला’ अशी वाक्ये आणि मागे रेल्वे फलाटावरची गर्दी. हे चित्र मला चौघांनी पाठवले तेव्हा गप्प राहिलो. पाचवे आमचे काका निघाले, म्हणून हा प्रतिवाद.

आकडा खरा आहे. गोम त्याच्या अर्थात आहे. २०११च्या जनगणनेत जवळपास ४५ कोटी स्थलांतरित नोंदले गेले, पण जनगणनेच्या लेखी ज्याचे आधीचे राहते गाव वेगळे, तो प्रत्येक जण स्थलांतरित. माझी आई पारोळ्याची, लग्न होऊन अमळनेरला आली. तिने जळगाव जिल्हासुद्धा ओलांडला नाही, तरी ती या ४५ कोटींत आहे. काकूही आहेत. स्थलांतराचे सर्वांत मोठे कारण रोजगार नसून लग्न आहे, आणि राज्याची हद्द ओलांडणारे सुमारे साडेपाच कोटी, म्हणजे आठांमागे जेमतेम एक. असे असताना पडद्यावर मोठा आकडा ठेवून त्यामागे फलाटावरची तीच ती गर्दी फिरवत राहायची, याला बातमी कसे म्हणावे? त्या जागी सासुरवाशिणी दाखवल्या असत्या, तर कोण घाबरले असते?

परराज्यांतून येणाऱ्यांच्या संख्येत महाराष्ट्र देशात पहिला आहे, हेही त्याच जनगणनेत आहे; तेवढे मान्य करावे लागते. चित्रातल्या गुन्हेगारीच्या टक्केवारीला ना वर्ष आहे ना आधार, तेव्हा ती सोडून देतो.

‘फुकटचे खायला येतात’ हे वाक्य मात्र सोडवत नाही. टाळेबंदीत, ८ मे २०२० रोजी, मराठवाड्यातल्या करमाडजवळ मालगाडीखाली १६ मजूर गेले. जालन्याच्या पोलाद कारखान्यात राबणारी मध्य प्रदेशातली ही माणसे गाडी मिळेल या आशेने आपल्या भुसावळकडे रुळांवरून चालत निघाली होती. रुळांवर त्यांच्या पोळ्या विखुरलेल्या सर्वांनी पाहिल्या. त्या दिवशी ते ‘मजूर’ होते. एरवी त्यांच्यासाठी ‘लोंढे’ हाच शब्द.

आणि ‘खान्देशचा रोजगार पळवला’? नंदुरबारची आदिवासी कुटुंबे ऊसतोडीला गुजरातेत जातात, सुरतेच्या उधना-लिंबायतमध्ये आपली खान्देशी अहिराणी बोली ऐकू येते. त्यांना आपण ‘पोटापाण्यासाठी गेलेले’ म्हणतो. काकांचा थोरला मुलगाही उधन्यालाच आहे. तिथल्या वाहिन्यांनी त्याला काय म्हणावे, असे मी त्यांना विचारले.

‘त्यानी गोष्ट येगळी शे,’ काका म्हणाले.